दिसून राहिलं का, भैया?

"दिसून राहिलं का, भैया?"

रोज संध्याकाळी सातला लातुरात ज्यांच्या घरी केबल होतं त्यांच्या टीव्हीवर ताईंचा चेहरा यायचा आणि पहिलं वाक्य हे. नमस्कार नंतर. आधी डाव्या हाताने खांद्यावरची पिन चाचपायची, तोंडातली लवंग गालाकडे सरकवायची आणि कॅमेऱ्याच्या मागे बघून विचारायचं. मागे मी असायचो. चित्र दिसणारा टीव्ही माझ्या बाजूला, पडद्याआड. त्यामुळे आपण शहराला दिसतोय की नाही हे ताईंना स्वतःला कधी कळायचं नाही. मी आतून ओरडायचो, "हाव ताई, दिसून राहिलं." हेही सगळ्या गावाला ऐकू जायचं. बातम्या संपल्या की पुन्हा तेच विचारायच्या, शेवटपर्यंत दिसलं ना याची खात्री म्हणून, आणि पुन्हा माझं तेच उत्तर.

गल्लीत पोरं ताईंची नक्कल करायची. आमच्या शेजारचे निवृत्त पोस्टमास्तर तर घरात खुर्चीवर बसून टीव्हीला उत्तर द्यायचे, "दिसून राहिलं बाई, वाच आता." तुमच्यातही कुणी तेव्हा लातुरात असेल तर आठवत असेल. नसेल आठवत तर मला राग येईल, सांगून ठेवतो.

कारण परवा शहरात जुन्या केबलवाल्यांचा सत्कार झाला. आमचे मालक स्टेजवर. शाल, श्रीफळ, हार, "जिल्ह्यातल्या माध्यमांचे शिल्पकार" वगैरे. अर्धा तास भाषण केलं त्या माणसाने आणि ताईंचा एका शब्दाने उल्लेख नाही! अहो, लोक तुमचा चॅनेल लावायचे ते काय तुमचं तोंड बघायला? मी शेवटच्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होतो. तो माझा स्वभाव. त्याबद्दल पुढे येईलच.

चॅनेल म्हणजे काय, तर गंजगोलाईजवळ एका धान्याच्या दुकानाची मागची खोली. एक कॅमेरा, तीन व्हीसीआर, एक मिक्सर, भिंतीवर धबधब्याचं पोस्टर आणि त्याच्यापुढे प्लास्टिकच्या फुलांचा फ्लॉवरपॉट. मी लग्नाच्या शूटिंगमधून आलेलो. मालकांचं मूळ काम रोज एक पिक्चर लावायचं. मधे मधे दुकानांच्या जाहिराती. मग त्यांना वाटलं, आपल्याही चॅनेलवर बातम्या पाहिजेत. एका खाजगी शाळेत ताई मराठी शिकवायच्या, चाळिशीला आलेल्या, लग्न केलं नव्हतं, गॅदरिंगचं सूत्रसंचालन हमखास त्यांच्याकडे. मालक त्यांना घेऊन आले. म्हणाले, "बाई, फक्त वाचायचंय. बघायचं काय न्हाई त्यात."

"न बघता कसं वाचता येतंय, शेठ?" ताई म्हणाल्या. मालक हसले. त्यांना तो विनोद वाटला.

चॅनेलला वर्षही झालं नव्हतं आणि भूकंप झाला. किल्लारी, सास्तूर, औश्याकडची गावं. तुम्हाला ते मी सांगायला नको. शहरात जवळजवळ प्रत्येकाचं कुणी ना कुणी तिकडे होतं. घरोघरी फोन नव्हते, मोबाइलचं तर नावच काढू नका. ताई सकाळी दवाखान्यात जायच्या, खाटेखाटेला फिरून वहीत नावं लिहायच्या आणि संध्याकाळी वाचायच्या. अमुक गावचा अमुक, पाय मोडलाय, शुद्धीवर आहे, सोबत कुणी नाही. पहिल्याच संध्याकाळी खुर्चीत बसल्या आणि मागे वळून म्हणाल्या, "भैया, तो धबधबा काढ अगोदर." मी खिळे उपटून पोस्टर काढलं. पुढे कितीतरी दिवस त्यांच्या मागे नुसती चुन्याची भिंत होती.

पाचव्या की सहाव्या दिवशी जीपमधून कुणा स्वयंसेवकाने गेलेल्यांची यादी आणून दिली. वेळ सातला पाच कमी. ताईंनी ती तशीच वाचली. त्यात एक नाव होतं. ज्या गावचं ते होतं त्या गावात त्याच नावाचे, त्याच आडनावाचे दोघे निघाले. चुलतभाऊ. आपल्याकडे आजोबाचं नाव नातवाला ठेवतात, आणि दोन्ही घरांनी ठेवलेलं. बापाचं नाव लिहिलं असतं तर कळलं असतं, पण यादीत बापाचं नाव नव्हतं आणि ताईंनी ते विचारलं नाही.

एकाची बायको पहिलटकरीण, माहेरी लातुरात आलेली. तिने टीव्हीसमोर ते नाव ऐकलं. त्यानंतर चौथ्या दिवशी निरोप आला, नवरा सोलापूरच्या दवाखान्यात जिता आहे. गेला तो चुलतभाऊ. ती बाई आईला घेऊन आमच्या खोलीत आली. कपाळ मोकळं, हात ओकेबोके. मला वाटलं, आता ही शिव्या देणार, आणि द्यायलाच पाहिजे होत्या. ती एवढंच म्हणाली, "बांगड्या मीच फोडल्या, ताई. टीव्हीत तुम्ही सांगितलं म्हणून."

ताईंनी तिचा हात धरला, तशाच तिला गोलाईतल्या कासाराकडे घेऊन गेल्या आणि स्वतः समोर बसून हिरवा चुडा भरवला. संध्याकाळी सातला पिन चाचपली, मला विचारलं, मी उत्तर दिलं, आणि मग म्हणाल्या, "मी एका जित्या माणसाला मेला म्हणून वाचलं. मी त्याला बघितलं न्हवतं, कुणाला विचारलं न्हवतं. चूक माझी हाय. आजपासून माणूस बघितल्याशिवाय मी नाव वाचणार न्हाई." हे त्यांनी लागोपाठ तीन दिवस सांगितलं, कारण पहिल्या दिवशी ज्यांच्याकडे लाइट नसेल त्यांना कसं कळणार?

मालक चिडले. "बाई, एकदा बोलला तेच लई झालं. माफी मागितली की लोकांना कळतंय ना चूक झाली म्हणून!"

"कळावं म्हणूनच मागितली."

तेव्हापासून तो नियम झाला आणि आमची गंमत सुरू झाली. कुणाची म्हैस हरवली की जाहिरात यायची. ताई विचारायच्या, "म्हशीला तुम्ही वळखता का? मग शिंग कोणत्या अंगाला वाकडंय ते सांगा." एका पुढाऱ्याच्या पुतण्याचा वाढदिवस होता, शुभेच्छांची यादी घेऊन कार्यकर्ते आले. ताईंनी विचारलं, "पुतण्या कुठंय?" "मुंबईला." "मग आल्यावर घेऊन या, तवा वाचू." कार्यकर्ते यादीची घडी करून निघाले. मालकांनी कपाळावर हात मारला आणि मी पडद्याआड तोंडात रुमाल कोंबला.

पण ऐका, याच खोडीपायी ताईंचा शब्द गावात चालायला लागला. "ताईंनी सांगितलंय" म्हटलं की बोलणं संपायचं. उचलली जीभ लावली टाळ्याला, असले निवेदक पुढे पन्नास आले. ताईंसारखं कुणी नव्हतं. हे मी भावनेच्या भरात म्हणत नाही. पुढे पंधरा वर्षं मी कॅमेऱ्यामागेच होतो.

मग क्लास आले. जिथली घरं पडली होती तिथे पत्र्याचे शेड होते, आणि शहरात बघावं तिकडे क्लासच्या पाट्या. नांदेड, बीड, परभणीहून पोरं ट्रंका घेऊन उतरायला लागली. खोल्या, खाणावळी, झेरॉक्सची दुकानं. शिकणाऱ्या पोरांबद्दल माझं काही म्हणणं नाही, मरमर अभ्यास करायची बिचारी. आणि सगळेच क्लासवाले वाईट होते असंही मी म्हणणार नाही. मी एकाबद्दल सांगतोय. पांढरी सफारी घालायचे, सगळे त्यांना नुसतं "सर" म्हणायचे. त्यांनी आमचं सातचं बुलेटिनच घेतलं. बातम्यांच्या आधी त्यांच्या क्लासचं नाव, नंतर त्यांचं नाव, आणि ताईंच्या मागे त्यांचा भलामोठा फलक. ताई फलकाकडे बघून म्हणाल्या, "धबधबा बरा होता रे."

बारावीचा निकाल लागला, मेडिकलच्या याद्या लागल्या, आणि सरांनी "आमचे यशस्वी विद्यार्थी" म्हणून नावांचा कागद पाठवला. ताईंनी विचारलं, "ही पोरं कुठायत?" कागद आठ दिवस टेबलावर तसाच पडून राहिला. शेवटी सर स्वतः आले, आणि माणूस किती पोचलेला होता बघा. म्हणाले, "ताई, तुमचं बरोबर आहे. तो कागद फाडून टाका. आपण असं करू, शहरातल्या गुणी मुलांचा सत्कार करू. कोणत्या का क्लासचे असेनात, नाहीतर क्लास न लावलेले असेनात. तुम्ही स्वतः घरी जा, मुलं बघा, तुम्हीच आमंत्रण द्या."

ताई लहान मुलीसारख्या खूश झाल्या. मला म्हणाल्या, "बघ भैया, माणसाला सांगितलं की कळतं."

रिक्षाने फिरून त्यांनी बारा घरं गाठली. त्यांतलं एक घर शिलाईकाम करणाऱ्या मास्टरचं. मूळचे रेणापूरचे, दोन पिढ्यांपासून लातुरात, मुलांचे शाळेचे ड्रेस शिवायचे. त्यांची थोरली मुलगी मेडिकलला लागली होती. दुकानातच कपड्याच्या ठाणांमागे सतरंजी टाकून तिने अभ्यास केलेला, जुनी पुस्तकं आणून. ताईंनी विचारलं, "कुठला क्लास लावला व्हता?" मुलगी म्हणाली, "कुठंच न्हाई. घरीच." हे "घरीच" ताई आम्हाला चार दिवस सांगत होत्या. त्यांच्या शाळेतल्या पोरींनाही सांगून आल्या.

कार्यक्रम झाला. ताईंनी एकेकाचं नाव पुकारलं, सरांनी शाल घातली, नारळ दिला, फोटोवाल्याने फोटो काढले. आणि तिसऱ्या दिवशी सकाळी चौकात बोर्ड लागला. बाराच्या बारा चेहरे, मधे सर हात जोडून, वर मोठ्या अक्षरांत "आमचे विद्यार्थी". आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हा! अहो, नागोबा निदान बिळात तरी जातो, हा तर चौकात फणा काढून उभा राहिला.

बाकीच्या अकरा घरांतून कुणी तक्रार केली नाही. दोघांनी तर बोर्डाखाली उभं राहून पेढे वाटले. एकटे मास्टर आले. दुपारची वेळ होती, गळ्यात टेप तसाच. बसा म्हटलं तर बसले नाहीत.

"ताई, त्या लोकांनी बोलावलं असतं तर मी गेलोच नसतो," ते म्हणाले. "आपण घरी आल्या, चहा पिल्या. आपल्या भरवशावर पोरीला स्टेजवर उभं केलं. याच सरांनी दोन साल आधी तिला दारातून वापस लावलं व्हतं. 'आमच्या बॅचमध्ये ही चालणार न्हाई' म्हणून. आता सगळा मोहल्ला विचारून राहिला, मास्टर, क्लास लावला व्हता तर छपवलं कायको? पोरगी दोन दिवसांपासून घराबाहेर निघंना. म्हणते, माझी मेहनत खोटी झाली."

"भरवशावर" हा शब्द आला आणि ताईंचा चेहरा उतरला. मला ती ओक्या हातांची बाई आठवली. ताईंनाही तीच आठवली असणार. म्हणाल्या, "मास्टर, संध्याकाळी टीव्ही लावा. सगळ्यांना दिसंल असं सांगते."

सातला दहा कमी असताना त्यांनी मला बाजूला घेतलं. "भैया, आज पयले मी एक गोष्ट सांगणार हाय. कॅमेरा हालू देऊ नको." मी म्हटलं, "हाव ताई."

इथे एक सांगतो, म्हणजे पुढचं कळेल. बुलेटिन लाइव्ह जायचं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा दाखवायला म्हणून टेपवरही उतरायचं. मिक्सरवरचं एक बटण दाबलं की केबलवर दुसरं काही लावता यायचं. टेप मात्र चालूच राहायची.

ताईंनी पिन चाचपली. "दिसून राहिलं का, भैया?" तेव्हा खरंच दिसत होतं. मी म्हटलं, "हाव ताई, दिसून राहिलं." त्यांनी सुरुवात केली, "चौकात जो बोर्ड लागलाय, त्यातल्या एका मुलीबद्दल मला सांगायचंय," आणि माझ्याजवळचा फोन वाजला. मालक घरून बघत होते. "गाणं लाव. आत्ता. न्हाईतर उद्या येऊ नको."

आता तुम्हाला कारणं सांगू? बायको आठव्या महिन्यात होती. खोली भाड्याची. दुसरं काम नव्हतं. सगळी खरी आहेत. आणि एकही कामाचं नाही, कारण हात माझा होता. मी बटण दाबलं. लातूरभर एक लग्नाचं गाणं सुरू झालं.

ताई बोलत होत्या. चार मिनिटं बोलल्या. मी समोर उभा. कॅमेऱ्यातून त्यांचा चेहरा बघत होतो, आणि शेजारच्या, आवाज बंद केलेल्या टीव्हीवर कुणीतरी नाचत होतं. संपल्यावर त्यांनी लवंग गालात सरकवली, हलक्या झाल्यासारखं हसल्या आणि विचारलं, "दिसून राहिलं का, भैया?"

मी म्हटलं, "हाव ताई, दिसून राहिलं."

त्या तशाच चालत मास्टरच्या दुकानी गेल्या. अर्ध्या तासाने परत आल्या. खोलीच्या दारात उभ्या राहिल्या. मास्टरांनी त्यांना विचारलं होतं, "ताई, आज मधेच गाणं कसं काय लागलं?" ताईंनी तेवढंच मला सांगितलं. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. पदराचा माइक त्या कधी काढायला विसरत नसत, आज वायर उपसून तो तसाच लावून गेल्या होत्या. तो काढला, वायरची नीट गुंडाळी केली, टेबलावर ठेवली आणि गेल्या.

मग काय झालं? काही नाही झालं! त्याचाच तर संताप येतो. ज्या गावाने त्यांच्या तोंडून आपली मेलेली-जिती माणसं ऐकली, त्या गावातून आठ दिवसांत मोजून तीन फोन आले. पोस्टमास्तर तेवढे येऊन विचारून गेले, "बाई कुठंय?" मालक म्हणाले, "तब्येत बरी न्हाई." गरज सरो, वैद्य मरो. दहाव्या दिवशी नवी मुलगी आली, सगळ्या याद्या धडाधड वाचायला लागली. सरांच्या दोन शाखा झाल्या. बोर्ड वर्षभर चौकात होता, उन्हाने पोरांचे चेहरे पांढरे पडले, "आमचे" मात्र शेवटपर्यंत वाचता यायचं. ताईंच्या शाळेच्या संस्थेत सर पुढे सल्लागार झाले. ताई शाळा सोडून नांदेडला बहिणीकडे गेल्या. मी त्यांना भेटायला गेलो नाही. नांदेड काय लांब आहे का? लग्नाच्या शूटिंगला वीस वेळा गेलो असेन.

चॅनेल बंद पडून जमाना झाला. आता माझं दुकान आहे, लोकांच्या जुन्या लग्नाच्या कॅसेटी पेनड्राइव्हवर उतरवून देतो. तो सत्कार झाल्यानंतरच्या आठवड्यात दुकानात एक बाई आल्या. पन्नाशीकडे झुकलेल्या, डोक्यावर ओढणी. म्हणाल्या, "मी नांदेडला डॉक्टर आहे. मास्टरची मुलगी."

मी खुर्ची पुढे केली. त्या बसल्या नाहीत, बापासारख्याच.

"ताई गेल्या," त्या म्हणाल्या. "शेवटचे आठ दिवस माझ्याच वॉर्डात होत्या. अब्बा तर कधीच गेले. ताईंनी त्या दिवशी काय सांगितलं, ते आमच्या घरात कुणी ऐकलंच नाही. ताई म्हणाल्या, भैयाकडं टेप असंल."

म्हणजे त्यांना माहीत होतं. इतकी वर्षं माहीत होतं.

"मी त्यांना विचारलं, मग तुम्ही मागितली का नाही? तर म्हणाल्या, त्यानं आणून द्यायची व्हती."

टेप होती. मालकांनी पुसायला सांगितली होती, ती मी घरी आणली. स्वतःला सांगत राहिलो की बघा, मी ताईंचा शब्द जपला. कसला जपला! कपाटात कोंडला. आधी मालकांची भीती, नंतर सरांची. ते सगळं संपलं, तरी मी ती मास्टरांना नेऊन दिली नाही, कारण त्या टेपवर शेवटी काय आहे ते मला ठाऊक होतं.

कॅसेट लावली. आधी मुंग्या, मग ताई. पिन, लवंग. "मी या मुलीच्या घरी जाऊन तिला बघितलंय. ती घरी शिकली. बापाच्या दुकानात, कपड्याच्या ठाणांमागं बसून शिकली. कोणत्याच क्लासला ती गेली न्हाई. ज्यांनी तिला दारातून परत लावलं, त्यांनी तिचा फोटो लावलाय. तिला मी बोलावलं व्हतं, म्हणून चूक माझीबी हाय. पोरी, तू घराबाहेर नीघ. तुझी मेहनत तुझीच हाय." डॉक्टरबाईंनी ओढणीचं टोक तोंडावर धरलं होतं. मी हात पुढे केला, तिथेच बंद करावी म्हणून. त्यांनी मान हलवली, नको.

पडद्यावर ताई हसल्या. "दिसून राहिलं का, भैया?"

आणि मागून एका तरण्याताठ्या माणसाचा खणखणीत आवाज आला, "हाव ताई, दिसून राहिलं."

"हा आवाज कुणाचा?" डॉक्टरबाईंनी विचारलं.

"माझा," मी म्हणालो.

त्यांनी ओढणी तोंडावरून खाली घेतली. मग पडद्याकडे वळल्या आणि म्हणाल्या, "परत लावा."